अ‍ॅक्शनच्या आधीचा सनी ओव्हाळ

सनी ओव्हाळला अ‍ॅक्टिंग येत नाही, हे पिंपरीपासून चाकणपर्यंत सगळ्यांना माहीत होतं. ते त्याच्या तोंडावर म्हणायची मात्र कोणाची छाती नव्हती. ज्याच्या कॉम्प्युटरमध्ये आपला पिक्चर अडकलाय, त्याला नावं ठेवायला कोण जाईल? सनी एडिटर होता, कुणाचा नोकर नव्हता, आणि कामात वाघ होता. नेहरूनगरात शफी मेकॅनिकच्या गॅरेजवर एक खोली भाड्याने घेऊन तो बसायचा. खाली शफी स्कूटरी जुळवायचा, वर सनी पिक्चर जुळवायचा. शॉर्ट फिल्म आणा, लग्नाची आणा, नगरसेवकाच्या वाढदिवसाचा व्हिडिओ आणा, सनी कशालाच नाही म्हणत नसे. अट एकच होती. "करतो की भावा. पण त्यात मला एक रोल लागेल."

मग काय, देत लोक रोल. इन्स्पेक्टर, डॉक्टर, मुलीचा मामा, जे शिल्लक असेल ते. नगरसेवकाच्या व्हिडिओतसुद्धा नव्या गटाराशेजारी हात जोडून उभा असलेला समाधानी नागरिक म्हणजे सनीच. पण त्याची खरी कारकीर्द चाकणच्या कंपन्यांमध्ये घडली. तिथे नव्या पोरांना पहिल्या दिवशी एका खोलीत बसवून सुरक्षेची फिल्म दाखवतात. हेल्मेट न घालता शिडीवर चढणारा, चालू मशीनमध्ये हात घालणारा, फोर्कलिफ्टसमोरून मोबाइल बघत जाणारा जो निष्काळजी कामगार त्यात असतो, तो सनी. त्या पट्ट्यात इतक्या वेळा मेलेला दुसरा माणूस सापडायचा नाही. एकदा चहाच्या टपरीवर कंपनीचा शर्ट घातलेल्या एका पोराने त्याला विचारलं, "भाऊ, शिडीवरून पडणारे ते तुम्हीच ना?" आणि मागे वळून मित्रांना डोळा मारला. सनीला डोळा मारलेला दिसला नाही. तो दिवसभर खूश होता.

एवढा बारीक नजरेचा माणूस, पण स्वतःकडे पाहताना त्या नजरेला काय व्हायचं कोण जाणे. दुसऱ्याच्या बाबतीत ती सुरीसारखी चालायची. खोलीत बसून तो स्क्रीनवरच्या एकेका नटाची सालटी काढायचा. "हा बघ, डायलॉग बोलतोय का वीजबिल वाचतोय? आणि ही बघ, रडायच्या आधी केस सावरतेय. घरात कोणी मेल्यावर केस सावरतं का गं?" हे तो आरफाला म्हणायचा. आरफा शफीची मुलगी. बी.कॉम. झाली, बँकेच्या परीक्षांना कंटाळली आणि एक दिवस जिना चढून वर आली, "सनीभाई, मला पण शिकवा." सनीने शिकवलं. हातचं राखून नाही शिकवलं, हे त्याच्या बाजूने सांगायलाच हवं. पहिलाच धडा त्याने दिला तो असा: "डायरेक्टर लोकांना कामधंदा नसतो. अ‍ॅक्शन म्हणायच्या आधी कॅमेरा चालू करून ठेवतात, कट झाल्यावर बंद करायला विसरतात. नट नाक खाजवतोय, चहा मागतोय, सगळं येतं त्यात. तो सगळा कचरा. आधी कचरा काढायचा, मग बाकीचं."

आरफा मान डोलवायची. ती फार बोलायची नाही. गॅरेजवाल्याची पोर, तिला एवढं माहीत होतं की शफी जुना पार्ट पटकन फेकत नाही, कोपऱ्यात ठेवतो.

आता सनीचा अभिनय. त्यात एक खोड होती, आणि ती जगात फक्त एडिटरलाच लागू शकते. कात्री कुठे लागणार हे त्याला आधीच दिसायचं. म्हणून वाक्य बोलायच्या आधी तो जरासा थांबायचा आणि बोलून झालं की पुन्हा जरासा थांबायचा, का तर कापणाऱ्याला जागा मिळावी. कापणारा तोच. बोलताना पापणी लवू द्यायची नाही, कारण पापणीवर कट बरा दिसत नाही. पहिल्या टेकला 'आई' या शब्दावर कप उजव्या हातात असेल, तर सातव्या टेकलाही 'आई' म्हणताना कप उजव्याच हातात. सगळे टेक एकमेकांना असे जुळायचे की बघत राहावं. सनीच्या अभिनयात चूक म्हणून सापडायची नाही. दुसरंही काही सापडायचं नाही. आणि स्वतःचा सीन स्वतःच कापायचा असल्यामुळे समोरच्या नटाची पाठ आणि सनीचा चेहरा, असा एकंदर हिशेब असायचा.

घरी दोघंच. सनी आणि त्याचे वडील भिवा ओव्हाळ. आई, नीला, जाऊन काही वर्षं झाली होती. भिवाअण्णांनी भोसरीत प्रेस शॉपमध्ये उभी हयात काढली, पत्र्यावर हातोडे पडण्याच्या आवाजात. त्यात कान गेले. मशीन चालू असताना तिथली माणसं एकमेकांच्या तोंडाकडे बघून बोलणं ओळखायची, ती सवय अण्णांना राहिली. सनी बोलायला लागला की ते त्याच्या चेहऱ्याकडे टक लावून बघायचे. सनीला त्याचा वैताग यायचा. "काय बघता?" तो म्हणायचा. अण्णा म्हणायचे, "बघितल्याबिगर कळत न्हाई रं." मग सनी छताकडे डोळे फिरवून, ओठाचा एक कोपरा वर ओढून, तेच वाक्य पुन्हा बोलायचा. किंवा बोलायचाच नाही, घड्याळ सारखं करत बाहेर पडायचा.

अण्णांनी त्याचे पिक्चर मोबाइलवर पाहिले होते. "तू कवा दिसतोस?" एवढं विचारायचे, तो दिसला की हसायचे आणि मग झोपायचे. एकदा मात्र बोलले. "तू बोलायच्या आदी थांबतो कशापायी? इसरतो का?" सनीला हसू आलं. ज्या माणसाने जन्मभर पत्रा वाकवला, तो आपल्याला अभिनय शिकवणार! "कापायला जागा ठेवतो," एवढंच तो म्हणाला आणि घड्याळ सारखं करत बाहेर पडला.

अशात जयदीप आला. जयदीप म्हणजे पिंपळे सौदागरच्या एका टोलेजंग सोसायटीतला आयटीवाला. हिंजवडीच्या ट्रॅफिकमध्ये कॅबमध्ये बसून बसून त्याला कामगारांचं दुःख कळलं होतं. त्याने पिक्चर लिहिला. चाकणच्या कारखान्यात मुलगा साहेब होतो, त्याच कारखान्याच्या गेटवर बाप वॉचमन म्हणून लागतो आणि मुलगा बापाला ओळख दाखवत नाही. जयदीपला वाटत होतं की हे जगात पहिल्यांदाच कोणाला तरी सुचलंय. पिक्चरचं नाव त्याने तीनदा बदललं, आणि तिन्ही नावं इंग्रजी.

"सनीभाऊ, मुलाचा रोल तुम्ही करा," जयदीप म्हणाला. "लीड. पण एडिट तुम्ही करायचं नाही."

सनीच्या कपाळाची शीर उठली. "का?"

जयदीपने कुठला तरी ऑनलाइन कोर्स केला होता, आणि त्यात एका परदेशी बाईंनी सांगितलं होतं की नटाने स्वतःचं काम कापू नये. एवढ्या लांबच्या बाईंचं म्हणणं जयदीप मोडणार नव्हता. "आरफा करेल," तो म्हणाला. सनीने क्षणभर विचार केला. आरफा म्हणजे आपलीच पोर. मागे खुर्ची टाकून बसू, सांगू तसं कापेल. आणि लीड! मेलेला कामगार नाही, समाधानी नागरिक नाही, पहिल्यापासून शेवटपर्यंत आपण. आता लोकांच्या तोंडून ऐकायचंच, की सनी ओव्हाळ नट आहे. बाकी काही नको होतं त्याला, एवढं एक ऐकायचं होतं.

शूटिंग महाळुंगेकडच्या एका बंद शेडमध्ये झालं, भर मे महिन्यात. बापाचं काम करायला जयदीपने खेडकडून ज्योतीरामबुवांना आणलं होतं. एस.टी.तून रिटायर झालेले कंडक्टर, पूर्वी गावोगावच्या जत्रांमध्ये नाटकातला राजा व्हायचे. आता त्यांना वाक्य आठवायचं नाही, आठवलं तर चष्मा सापडायचा नाही, चष्मा सापडला तर सीनमधल्या जेवणाच्या डब्याचं झाकण हातातून सुटायचं. आणि दर टेकच्या आधी एकच प्रश्न. "आता म्या कुठं बघायचं?"

"सनीभाऊंकडे बघा बुवा," जयदीप सांगायचा.

"व्हय व्हय. म्हंजी डोळ्यात का हनुवटीवर?"

पत्र्याखाली अंगाची लाही होत होती. सनी समोर उभा राहून बुवांचा चष्मा सापडायची वाट बघायचा. छताकडे डोळे, ओठाचा कोपरा वर, मग घड्याळ. कधी म्हाताऱ्याकडे नजर टाकायचा आणि लगेच बाजूला घ्यायचा, नको त्या ठिकाणी पाय पडल्यासारखी. बुवा ओशाळून हसायचे, "झालं झालं, सापडला." मग जयदीप अ‍ॅक्शन म्हणायचा, सनीचा चेहरा इस्त्री केल्यासारखा सरळ व्हायचा, तो जरासा थांबायचा, डायलॉग बोलायचा, पुन्हा जरासा थांबायचा. शेवटच्या मोठ्या सीनसाठी तर त्याने आरशासमोर तालीम केली होती. त्या भाषणात बाप, घाम आणि लोखंड हे शब्द ओळीओळीला येत होते. भाषण झालं तेव्हा जयदीपने डोळे पुसले. जयदीपचे डोळे कशानेही भरून यायचे, पण सनीला ते पुरेसं होतं.

एडिटिंगला आरफाने मात्र त्याला खोलीत घेतलं नाही. त्याच्याच खोलीत! "जयदीप सरांनी सांगितलंय सनीभाई, पूर्ण होईपर्यंत कोणाला दाखवायचं नाही." सनी खाली गॅरेजमध्ये शफीच्या स्टुलावर बसून वरचा आवाज ऐकायचा प्रयत्न करायचा. शफी नट आवळत म्हणाला, "बैठो राव, चहा घ्या. पोरगी काही खात नाही तुमचा पिक्चर." सनीने चहा घेतला आणि पोरीचा हात अजून कच्चा आहे, असं शफीला समजावून सांगितलं.

पहिला खेळ निगडीतल्या एका छोट्या सभागृहात ठेवला. सनीने आयुष्यात पहिल्यांदा अण्णांना बरोबर नेलं. अण्णांनी कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घातला, गॅरेजसमोर सनीची स्कूटर थांबली तेव्हा शफीला ओरडून सांगितलं, "आज पोरगा मेन हाय!" आणि पुन्हा मागे बसता बसता सनीच्या खांद्यावर हात ठेवून विचारलं, "ह्या खेपंला किती येळ दिसणार?"

"पूर्ण," सनी पुढे बघून म्हणाला. अण्णांना कळलं नाही. त्यांनी पुन्हा विचारलं. सनीने ऐकलं न ऐकल्यासारखं केलं.

हॉल भरला होता. सोसायटीवाले, नाटकवाले, दोन-चार दाढीवाले ज्यांना कशातच काही आवडत नाही, आणि पहिल्या रांगेत ज्योतीरामबुवा, गावाहून आणलेल्या पेढ्यांच्या पुड्यासकट. दिवे गेले. सनी खुर्चीच्या टोकावर आला.

पहिला सीन आला आणि गेला. त्याचे डायलॉग कुठे गेले? चार वाक्यं होती, त्यातलं एकच राहिलं होतं. बाकी पडद्यावर नुसता तो. बाप डब्याचं झाकण पाडतो, वाकून शोधतो, आणि साहेब झालेला मुलगा छताकडे बघतो. सनी चपापला. हा सीन नव्हताच! हे अ‍ॅक्शनच्या आधीचं होतं, बुवा खरोखर झाकण शोधत होते तेव्हाचं. पुढे बाप चष्म्यासाठी खिसे चाचपतो, मुलाच्या ओठाचा कोपरा वर जातो, तो घड्याळ सारखं करतो. बाप ओशाळून हसतो. कचरा! पोरीने सगळा कचरा ठेवला होता आणि सोनं फेकून दिलं होतं. सनीचे कान तापले. पिक्चर संपला की सगळ्यांदेखत हिची खरडपट्टी काढायची, असं त्याने ठरवून टाकलं.

पण हॉल गप्प झाला होता. कोणी खोकत नव्हतं. मागून एक बाई "च्च" करून हळहळली. एका दाढीवाल्याने मांडीवर ठेवलेला मोबाइल उलटा केला. सनीने हे सगळं टिपलं. इतकी वर्षं लोक कुठे हलतात आणि कुठे हलत नाहीत, यावरच त्याचं पोट होतं. तो मोठ्या भाषणाची वाट बघू लागला. भाषण आलंच नाही. त्याच्या जागी गेटवर डबा घेऊन उभा असलेला बाप होता, आणि त्याच्याकडे एक नजर टाकून ती लगेच बाजूला घेणारा मुलगा. बाप झाकण घट्ट लावू लागला. पडदा काळा झाला.

टाळ्या पडल्या, आणि नुसत्या पडल्या नाहीत, लोक उभे राहिले. आणि बघा, हा सनी ओव्हाळ! दिवे लागेपर्यंत त्याचा राग पार विरघळून गेला होता. पडद्यावरचा चेहरा कोणाचा? आपला. मग अभिनय कोणाचा? आपलाच. दाराशी लोकांनी त्याला घेरलं तेव्हा तर त्याला ते सगळं आपण ठरवून केलं होतं, असं आठवायलासुद्धा लागलं.

"काय नजर होती हो ती! अंगावर काटा आला," एक बाई म्हणाल्या. "कुठून आणलीत?"

सनी जरासा थांबला. "त्या नजरेवर मी खूप काम केलं," तो म्हणाला. "निरीक्षण असतं. माणसं बघावी लागतात."

"ग्रेट," दाढीवाला म्हणाला, ज्याला कशातच काही आवडत नसे. जयदीपचे डोळे भरून आले होते. आरफा भिंतीला टेकून उभी होती. सनीने लांबूनच तिला मोठ्या मनाने मान डोलावून दाखवली. ती खाली बघू लागली.

तेवढ्यात त्या बाईंचं लक्ष अण्णांकडे गेलं. "हे तुमचे वडील? अय्या! बाबा, तुम्ही घाबरला नाहीत ना मुलाला बघून? पिक्चरमधलं होतं बरं का ते."

अण्णा त्यांच्या तोंडाकडे बघत होते, त्यांना बरोबर कळलं. ते हसले. आणि कान गेलेली माणसं बोलतात तसे, सगळ्या दाराला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने म्हणाले, "न्हाई वो बाई. घाबरायचं काय त्यात? मला ऐकू येत न्हाई, मी त्याचं त्वांड बघूनच समजून घेतो. रोज बघतो. घरी माज्याकडं बघतो तसंच बघितलंय की त्यानं."

लोक एकमेकांकडे बघू लागले. अण्णांना वाटलं, लोकांना नीट कळलं नसेल. त्यांनी कौतुकाने पुढे सांगितलं, "हर येळी ह्यो अ‍ॅक्टिंग करतो अन् सगळा इस्कोट होतो. ह्या खेपंला केली न्हाई. ब्येस झालं."

बाई चपला शोधाव्यात तशा खाली बघू लागल्या. जयदीपला कोणाचा तरी फोन आला, किंवा आला नाही, पण तो फोन कानाला लावून निघून गेला. घोळका ओसरला. ज्योतीरामबुवा पुढे आले, अण्णांच्या हातावर पेढा ठेवला आणि दोघं म्हातारे एकमेकांच्या तोंडाकडे बघत काहीबाही बोलत राहिले. सनी तिथेच उभा होता. आरफा आली. "सनीभाई, सॉरी," ती हळू म्हणाली. "बाकीचे टेक बघितले मी. खूप वेळा बघितले." सनीला तिच्यावर ओरडायचं होतं. त्याने खिशातून स्कूटरची किल्ली काढली.

पार्किंगमध्ये त्याने स्कूटर काढली. अण्णा कागदात गुंडाळलेला दुसरा पेढा शर्टाच्या खिशात ठेवत होते. उद्या शफीला द्यायचा असेल. कागद निसटला, पेढा खाली पडला, अण्णा वाकून अंधारात चाचपू लागले, आणि सनीचे डोळे आपोआप वर निघाले. अर्ध्यातच त्याला ते कळलं. त्याने डोळे ओढून खाली आणले. आता ते ठेवायचे कुठे? अण्णांच्या पाठीवर? हातावर? त्याला खरंच माहीत नव्हतं. त्याला लाज वाटली, आणि त्या लाजेतसुद्धा एका कोपऱ्यात, आपला चेहरा आत्ता कसा दिसत असेल, हा विचार बसलेला होताच.

अण्णा पेढा फुंकत उभे राहिले आणि सवयीने त्याच्या तोंडाकडे बघू लागले. सनीने तोंड उघडलं. आणि जरासा थांबला.

अण्णांनी वाट पाहिली. मग म्हणाले, "बोल की. हितं कोण कापायला बसलंय?"